पहिल्या तारखेला कुणी जात नाही

शुक्रवारी रियाधच्या मराठी मंडळानं मुलीकडे राहायला आलेल्या भाऊसाहेबांचा सत्कार ठेवला होता आणि त्यांचा परिचय लिहायचं काम कौमुदीच्या गळ्यात पडलं होतं. मुलीनं लिहिलं की त्याला वेगळाच ओलावा येतो, असं मंडळाच्या सेक्रेटरींचं म्हणणं. शहराबाहेरची एक इस्तिराहा भाड्यानं घेतली होती, हिरवळ आणि पोहायचा तलाव असलेली. शाल पुण्याहून आली होती, जेवणात श्रीखंड ठरलं होतं. परिचय तेवढा राहिला होता. तीन दिवस तो कागद जेवणाच्या टेबलावर पडून होता आणि त्यावर दीडच ओळ उमटली होती.

'शिरवलीसारख्या तालुक्याच्या गावी वकिलीला सुरुवात करून विधानसभा, उच्च न्यायालय आणि अखेर केंद्राचं न्यायाधिकरण असा प्रवास करणारे' इथवर ती आली होती आणि पुढे तिला काही सुचत नव्हतं. कौमुदी इथल्या एका सरकारी इस्पितळात भूलतज्ज्ञ होती. माणसांना झोपवण्यातच तिची एकोणीस वर्षं गेली होती, पण अडीचशे माणसं जागी ठेवून त्यांना हे सगळं खरं वाटेल असं लिहिणं तिच्याच्यानं होत नव्हतं.

खरं लिहायचं म्हटलं तर मजकूर तयारच होता. शिरवलीच्या कोर्टात भाऊसाहेबांचं नाव युक्तिवादासाठी कधी झालं नाही, झालं ते तारखेसाठी. समोरच्या बाजूचा महत्त्वाचा साक्षीदार म्हातारा असेल, तर तो जाईपर्यंत खटला लांबवणारा वकील म्हणून पक्षकार त्यांना शोधत यायचे. पहिल्या तारखेला स्वतः जाणं त्यांना कमीपणाचं वाटे. कारकून अर्ज घेऊन जाई आणि सोबत गोपीनाथ डॉक्टरांची चिठ्ठी. पक्षकारास जुलाब, सबब आठ दिवस विश्रांती. गोपीनाथ डॉक्टर शेजारीच राहायचे. चिठ्ठ्यांच्या अख्ख्या पुस्तकावर ते एकदमच सह्या करून देत आणि ते पुस्तक भाऊसाहेबांच्या टेबलाच्या खणात असे. अक्षर चांगलं म्हणून रोग भरायचं काम कौमुदीकडे. आठव्या वर्षी तिला कावीळ आणि विषमज्वर यांतला फरक ठाऊक होता, तो असा की काविळीला जास्त दिवस मिळतात. ती डॉक्टर झाली तेव्हा भाऊसाहेबांनी गावजेवण घातलं आणि सांगितलं, हिला लहानपणापासूनच या विषयाची गोडी.

मग ते आमदार झाले. सरकारवर अविश्वासाचा ठराव आला त्या सकाळी त्यांच्या छातीत दुखू लागलं आणि ते मुंबईच्या एका इस्पितळात दाखल झाले. दोन्ही बाजूंच्या पुढाऱ्यांचे पुष्पगुच्छ आले. सरकार एका मतानं वाचलं, तिसऱ्या दिवशी भाऊसाहेबांना बरं वाटलं आणि महिन्याभरात ते एका महामंडळाचे अध्यक्ष झाले. पुढच्या निवडणुकीत शिरवलीकरांनी त्यांना आपटलं. पडलेल्या आमदाराचं करायचं काय, हा प्रश्न सरकारला नेहमी पडतो. त्यांना आधी सरकारी वकील केलं गेलं आणि काही वर्षांनी हायकोर्टाचे न्यायमूर्ती.

न्यायमूर्ती म्हणून त्यांचा एकच निकाल गाजला. कुठल्याशा अपिलात एका पक्षकाराचा वैद्यकीय दाखला खोटा निघाला आणि भाऊसाहेबांनी त्यावर दोन पानं लिहिली. खोटे दाखले देणारे डॉक्टर न्यायाच्या रक्तात विष कालवतात, असं त्यात वाक्य होतं. वर्तमानपत्रांनी ते चौकटीत छापलं. दाखल्यावर सही गोपीनाथ डॉक्टरांची होती. निकालाची प्रत मेडिकल कौन्सिलकडे गेली, अडुसष्टाव्या वर्षी त्यांचा परवाना गेला, दवाखाना बंद झाला. भाऊसाहेबांनी त्यांना ओळखही दाखवली नाही. शेजारधर्म निकालाच्या आड येऊ दिला नाही, हे ते आजही अभिमानानं सांगत.

हे परिचयात बसणारं नव्हतं. शाल फुकट गेली असती.

गुरुवारी कौमुदी रात्रपाळी करून नऊला घरी आली, तर आई दारातच उभी. सुरुचीचा फोन आला होता. ती आणि सुबोध ऋचाला घेऊन अल खर्जहून निघतायत, सुबोधची तक्रार बंद झाली म्हणून मेसेज आलाय आणि सुरुची रडतेय. आईला यापेक्षा जास्त काही कळलं नव्हतं. भाऊसाहेब सोफ्यावर बसून मोबाइलवर बातम्या ऐकत होते. मुली, जावई, नात, गाव, सगळे त्यांना भाऊसाहेबच म्हणत, फक्त ऋचा आजोबा म्हणे. त्यांनी मान वर करून सांगितलं, काळजीचं कारण नाही, अशा गोष्टी होत असतात.

कौमुदीला मात्र काळजीचं कारण ठाऊक होतं. तक्रार काय होती ते तिला नीट माहीत होतं. सुबोध, तिच्या धाकट्या बहिणीचा नवरा, अल खर्जच्या एका डेअरीत गुणवत्ता तपासणीवर होता. ऑक्टोबरात शीतगृह रात्रभर बंद पडलं आणि तरी नोंदवहीत तापमान व्यवस्थित लिहिलेलं सापडलं. दूध बाजारात जायच्या आत पकडलं गेलं, पण कुणाचा तरी बळी द्यायचा होता, तो सुबोधचा दिला. खोटी नोंद केली म्हणून तडकाफडकी नोकरीवरून काढलं. त्या रात्री तो ड्यूटीवर नव्हताच आणि शीतगृह नीट चालत नाही म्हणून त्यानं आधी दोन वेळा मेल पाठवले होते. ते मेल त्याच्याकडे होते. ते कुणापुढे तरी ठेवता यावेत, एवढ्यासाठीच त्यानं कामगार कचेरीकडे तक्रार केली होती. तक्रार निकालात निघून नाव स्वच्छ झालं, तर दुसरी डेअरी त्याला घ्यायला तयार होती. नाही झालं तर इकामा, म्हणजे इथं राहायचा परवाना, संपला की सामान बांधायचं. ऋचाची बारावीची परीक्षा फेब्रुवारीत होती, तिचं केंद्र इथलंच, आणि आता डिसेंबर चालू होता.

पहिली तारीख बुधवारी सकाळी दहाची होती. ना कोर्ट ना कचेरी, तडजोड करणारा अधिकारी घरबसल्या व्हिडिओवर भेटणार होता. सुबोधनं शर्टसुद्धा इस्त्री करून ठेवला होता.

आणि मंगळवारी संध्याकाळी याच टेबलावर भाऊसाहेबांनी त्याला कायदा शिकवला. पहिल्या तारखेला कुणी जात नाही, ते म्हणाले. पहिल्या तारखेला गेलास की समोरच्याला कळतं, हा घाईला आलाय. त्यांना वाट बघू दे. दुसरी तारीख पडेल, तेव्हा मी तुझ्याजवळ बसून दोन प्रश्न विचारायला लावतो, पुढचं आपोआप होतं. सुबोध चाचरत म्हणाला की इथं म्हणे तसं चालत नाही. त्यावर भाऊसाहेब हसले. कायदा इथून तिथून सारखाच असतो, माणसं घाबरट असतात. पन्नास वर्षांचा अनुभव समोर बसलेला, त्यात नोकरी गेलेला जावई. सुबोधनं मान डोलावली. सुरुचीला बरंच वाटलं, इतका मोठा माणूस आपल्या पाठीशी आहे म्हणून. आई पुरणाच्या पोळ्या वाढत होती. कौमुदीला वाटलं होतं, हे चूक आहे, बोलावं. मग तिनं विचार केला की आता वाद नको, उद्या सकाळी सुबोधला फोन करू. सकाळी सलग तीन ऑपरेशनं निघाली.

साडेअकराला ते आले. सुबोध रात्रभर झोपलेला दिसत नव्हता. त्यानं मोबाइल कौमुदीपुढे धरला. मेसेज अरबीत होता, खाली यंत्रानं केलेलं इंग्रजी. तक्रारदार ठरल्या वेळी हजर न राहिल्यामुळे तक्रार बंद करण्यात आली आहे. गैरहजेरीला सबळ कारण असल्यास तीन दिवसांत अर्ज करावा. तीन दिवसांत शुक्रवार-शनिवारची सुट्टी आली, म्हणजे अर्ज आज, दुपारी कचेरी बंद व्हायच्या आत गेला तरच त्याला अर्थ होता.

"दहा वाजून पाच मिनिटांनी बंद केली," सुबोध म्हणाला. "पाच मिनिटं थांबले ते, ताई. कंपनीचा माणूस हजर होता."

भाऊसाहेबांनी मोबाइल मागून घेतला, चष्मा लावला, वाचला आणि परत दिला. चेहऱ्यावर काही नाही. हायकोर्टात बसून बसून त्यांनी तो चेहरा कमावला होता. मग त्यांनी घसा साफ करून सांगितलं की यात रस्ता दिलेलाच आहे. सबळ कारण मागतायत, सबळ कारण द्या. सुबोधची तब्येत बिघडली होती. कालच्या तारखेचा दाखला जोडा. घरात डॉक्टर आहे.

खोलीतल्या सगळ्यांनी कौमुदीकडे पाहिलं. इतक्या वर्षांनी तिला पुन्हा रोग भरायला सांगितलं जात होतं आणि सांगणाऱ्याला त्यात काही चमत्कारिक वाटत नव्हतं. तिला आधी राग आलाच नाही. हसू आलं आणि ते तिनं दाबलं.

तिनं शांतपणे समजावलं. इथं आजारपणाचा दाखला म्हणजे कागदाची चिठ्ठी नव्हे. तो डॉक्टरच्या नावानं सरकारी संगणकातून निघतो. पेशंट कधी आला, कुणी तपासला, काय दिलं, सगळी नोंद लागते. काल सकाळी दहाला ती ऑपरेशन थिएटरात होती आणि सुबोध अल खर्जला. मधे पाऊणशे किलोमीटर. खोटी नोंद केली तर तिचा परवाना जाईल, कदाचित पोलीस केस होईल, आणि सुबोधवर ज्या खोट्या नोंदीचा आळ आहे तीच तो खरोखर करून बसेल.

सुरुचीला यातलं निम्मंच ऐकू गेलं. तिच्या मते ताईनं आयुष्यात कधी कुणासाठी वाकडं पाऊल टाकलं नाही, टाकलं असतं तर आज कळलं असतं बहीण कशाला म्हणतात. ऋचाचं वर्ष जाणार, यांचं नाव जाणार, आणि तू नियम सांगतेस. तुझा इकामा शाबूत आहे, तुझ्या नवऱ्याचं ओलायासारख्या महागड्या भागात काचेचं ऑफिस आहे. हे बोलताना तिचा आवाज फाटला. सुबोध तिला गप्प करायला गेला, तर त्यालाही बोलणी बसली. कौमुदी ऐकत राहिली, कारण शेवटचं वाक्य खोटं नव्हतं.

आईनं कौमुदीला स्वयंपाकघरात बोलावलं. दार लोटलं आणि हळू आवाजात म्हणाली, "एक कागद तर द्यायचाय गं. तिचं घर मोडतंय. ह्यांचंही उद्या सगळ्यांपुढे नाव व्हायचंय, त्यात हे बाहेर पडलं तर..."

"कुठलं घर मोडतंय म्हणालीस, आई? सुरुचीचं की भाऊसाहेबांचं?"

ओट्यावरचं फडकं उचलून आई आधीच पुसलेली जागा पुसत राहिली. कौमुदीला तिचा राग आला आणि लगेच कीवही. पन्नास वर्षं ही बाई त्या माणसाच्या तारखा सांभाळत आली होती. दाराशी आलेल्या पक्षकारांना 'साहेब घरात नाहीत' हे तीच सांगायची, आणि साहेब आत दाढी करत असायचे.

बाहेर भाऊसाहेब सुबोधला उदाहरणं देत होते. अमुक खटल्यात दाखल्यावर वाचलेला पक्षकार, तमुक खटल्यात तीन वेळा वाचलेला. त्यांचा आवाज चढला होता, तो भाषणात चढायचा तसा. कौमुदी दारात उभी राहून ऐकत होती. तिला एकाएकी स्वच्छ दिसलं की या माणसाला जे घडलं ते समजलेलंच नाही. त्याच्या लेखी जावयाची तक्रार बंद पडलेली नव्हतीच, नुसती पहिली तारीख झाली होती.

"गोपीनाथ डॉक्टरांचं काय झालं, भाऊसाहेब?" तिनं विचारलं.

ते थांबले. "त्याचा इथं काय संबंध?"

"न्यायाच्या रक्तात विष कालवतात असे डॉक्टर. तुमचंच वाक्य आहे. मी तुमच्याकडे आले नाही दाखला घेऊन. तुम्ही माझ्याकडे मागताय."

"ते निकालपत्रातलं वाक्य होतं," भाऊसाहेब शांतपणे म्हणाले. "घरातलं आणि कोर्टातलं वेगळं ठेवता आलं पाहिजे. तुला ते कधी जमलं नाही."

त्यांना खरोखर तसंच वाटत होतं, हे त्यातलं सगळ्यात भयंकर होतं. खोटं बोलणारा माणूस निदान आत कुठेतरी खरं ठेवून असतो. भाऊसाहेबांनी तेवढीही अडगळ ठेवली नव्हती. कौमुदीला लहानपणापासून त्यांची भीती वाटत आली होती, पुढे लाज वाटू लागली. आता नुसता तिटकारा उरला आणि तिला त्यानं हलकं वाटलं.

तेव्हा ऋचा बोलली. इतका वेळ ती खिडकीशी पाय पोटाशी घेऊन बसली होती. तिनं बापाला विचारलं, "पप्पा, आप बीमार थे क्या?" सुबोध म्हणाला, नाही. "मग लिहा ना, आजोबांनी सांगितलं म्हणून नाही गेलो. इट्स ट्रू, ना?"

सुरुचीनं भाऊसाहेबांकडे पाहिलं, ते आता हो म्हणतील अशा आशेनं. भाऊसाहेबांनी सांगितलं की ऐकीव सल्ला हे गैरहजेरीचं कारण होऊ शकत नाही, जगातलं कुठलंच कोर्ट ते मानणार नाही, आणि घरच्या गोष्टी सरकारी कागदावर आणायच्या नसतात. शिवाय त्यांचं पद पाहता. पद पाहता काय, ते त्यांनी सांगितलं नाही. सुरुचीचा चेहरा हळूहळू बदलला. मंगळवारी जो मोठा माणूस पाठीशी होता, तो आज दारामागे जाऊ लागलेला तिला दिसला असावा. ती उठली आणि नवऱ्याशेजारी जाऊन बसली.

"लिही," ती म्हणाली.

सुबोधनं लिहिलं. ऋचानं त्याचं इंग्रजी नीट केलं आणि शाळेत शिकलेल्या अरबीत वर दोन ओळी घातल्या. 'मी आजारी नव्हतो. माझ्या सासऱ्यांनी पहिल्या तारखेला जाऊ नये असा सल्ला दिला. आमच्याकडे तशी पद्धत आहे. इथं ती नाही हे मला माहीत असायला हवं होतं. माझ्याकडे पुरावा आहे, तो एकदा पाहावा.' मेल जोडले. साडेबाराला अर्ज गेला. भाऊसाहेब आतल्या खोलीत जाऊन झोपले, किंवा पडून राहिले. जेवायला बोलावलं तेव्हा भूक नाही म्हणाले आणि आई त्यांचं ताट आत घेऊन गेली.

पावणेदोनला सुबोधचा फोन वाजला. अनोळखी नंबर. पलीकडचा माणूस कचेरीतला अधिकारी होता, नाव हम्माद, आवाजावरून तरुण. इंग्रजी मोजून बोलत होता, पण स्वच्छ. सुबोधनं आवाज मोठ्यावर टाकला. हम्माद म्हणाला, असा अर्ज त्याच्याकडे पहिल्यांदाच आलाय. लोक आजारी असतात, टायर पंक्चर होतो, नेट जातं. सासऱ्यानं सांगितलं असं आजवर कुणी लिहिलं नव्हतं. त्यानं कंपनीचा कागदही पाहिला होता आणि मेलही पाहिले होते. त्याला तक्रार पुन्हा उघडायची हरकत नव्हती, पण कंपनी विचारणार, हे कारण खरं कशावरून. तेव्हा त्याला ते त्या सासऱ्याच्याच तोंडून ऐकायचं होतं. ते घरात आहेत का?

आई भाऊसाहेबांना उठवून घेऊन आली. ते आले, खुर्चीत ताठ बसले. सुबोधनं फोन त्यांच्यापुढे टेबलावर ठेवला, परिचयाच्या त्या कागदावरच. ज्यांनी हजार माणसांना प्रश्न विचारले, त्यांना एकानं एक प्रश्न विचारला. सर, तुमच्या जावयाला बुधवारी हजर राहू नकोस असं तुम्ही सांगितलं होतं का?

उत्तर एका शब्दाचं होतं. सुबोध त्यांच्याकडे बघत होता, सुरुची बघत होती, ऋचा बघत होती. भाऊसाहेबांनी फोनकडे पाहिलं, मग भिंतीकडे. कौमुदीनं हा चेहरा साक्षीदाराच्या पिंजऱ्यातल्या लोकांचा म्हणून ऐकला होता, त्यांच्याच तोंडून, हसून सांगितलेला.

"आय डोन्ट रिकलेक्ट," भाऊसाहेब म्हणाले. "आम्ही बऱ्याच विषयांवर बोललो. नेमके शब्द आठवत नाहीत." ते त्यांनी अतिशय उत्तम इंग्रजीत सांगितलं.

मग हम्माद म्हणाला की ठीक आहे, मग त्याला अर्जावर तसं लिहावं लागेल. सुबोधनं डोळे मिटले. ते पाहून कौमुदीचा हात पुढे गेला. तिनं फोन उचलला.

तिनं आपलं नाव सांगितलं, इस्पितळ सांगितलं, आपण त्यांची थोरली मुलगी आहोत ते सांगितलं. मंगळवारी संध्याकाळी साडेसातच्या सुमाराला, याच टेबलावर, माझ्या वडिलांनी त्याला जाऊ नकोस म्हणून सांगितलं. शब्द मला आठवतात, हवे असतील तर सांगते. ते चूक आहे हे मला तेव्हाच कळलं होतं आणि मी गप्प बसले. म्हणजे दोष त्यांचा एकट्याचा नाही. तुम्हाला कंपनीला काही दाखवायचं असेल, तर माझं नाव आणि माझा इकामा नंबर लिहून घ्या.

हम्मादनं नंबर लिहून घेतला. मग सहज विचारल्यासारखं विचारलं, तुमचे वडील काय करत होते? कायद्यातलं काही कळतं का त्यांना?

भाऊसाहेबांनी बसल्या जागेवरून हात हलवून नको म्हणून खूण केली. आयुष्यभर ज्या शब्दासाठी त्यांनी शिरवली सोडली, पक्ष सोडला, शेजारी सोडला, तो शब्द आज कुणी उच्चारू नये म्हणून त्यांचा हात हवेतच राहिला होता.

"न्यायाधीश होते," कौमुदी म्हणाली. "पन्नास वर्षं दुसऱ्यांना तारखा दिल्या आणि मागितल्या. इथं कसं चालतं, ते त्यांनी कुणाला विचारलं नाही."

हम्माद हसला नाही, त्याबद्दल कौमुदीनं मनात त्याचे आभार मानले. त्यानं एवढंच सांगितलं की रविवारी सकाळी नऊला तक्रार पुन्हा घेतो, पाच मिनिटं आधी जोडून ठेवा, मेल छापून हाताशी ठेवा. सुबोधनं दोनदा थँक यू म्हटलं, दुसऱ्यांदा फोन बंद झाल्यावर. ऋचानं बापाच्या गळ्यात हात टाकले. सुरुची कौमुदीकडे आली आणि तिच्या खांद्यावर कपाळ टेकून उभी राहिली.

भाऊसाहेब तसेच ताठ बसले होते. त्यांचा चेहरा लालबुंद झाला होता. बापाविरुद्ध साक्ष दिलीस, ते म्हणाले, परक्या देशात, परक्या पोरापुढे. शब्द फिरवून सांगितलेस. मी असं काही म्हणालो नव्हतो, मी पर्याय मांडला होता. मग ते आईकडे वळले. खोलीत त्यांच्या बाजूचं आता तेवढंच माणूस उरलं होतं आणि त्याबद्दल त्यांना तिळमात्र शंका नव्हती.

"तू होतीस ना वाढायला? सांग यांना. मी म्हणालो होतो का जाऊ नकोस म्हणून?"

आईनं पदराला हात पुसले. ती कौमुदीकडे बघत नव्हती, सुरुचीकडेही नाही. ती सुबोधच्या इस्त्री केलेल्या शर्टाकडे बघत होती. आज तोच घालून तो आला होता.

"म्हणालात," ती म्हणाली. "दोनदा म्हणालात."

आईनं भाऊसाहेबांच्या पुढची रिकामी खुर्ची ओढली आणि पन्नास वर्षांत प्रथमच, ते बसलेले असताना, त्यांच्या समोर बसली.